फिल्म एडिटर व्हायचंय, राहतो सीमाभागात: नेहमी विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी आणि पलीकडं हल्याळपर्यंतच्या मराठी मुलामुलींकडून हे प्रश्न सारखे येतात. प्रत्येकाला फोनवर तेच तेच सांगण्यापेक्षा एकदाच लिहून टाकलं. मी मूळचा बेळगावातल्या शहापूरचा. काम पुण्या-मुंबईचं, थोडं बेंगळूरचं. काही उत्तरांत माझी मतं आहेत, ती मतं म्हणूनच वाचा.

शूटिंग झालं की सिनेमा झालाच. मग एडिटर करतो काय?

नको ते कापतो, असं सगळे म्हणतात. कापणं हा सोपा भाग. काय कधी दिसावं आणि काय आधी ऐकू यावं, हे ठरवण्यात खरा वेळ जातो.

आपल्याकडच्या लग्नाचंच बघा. दोन कॅमेरे आहेत. शेवटचं मंगलाष्टक संपतं, भटजींचं 'सावधान' होतं, अंतरपाट खाली येतो, अक्षता पडतात, वाजंत्री सुरू. हे असंच क्रमानं लावलं तर विधी नीट दिसतो, पाहुणे खूश. आता दुसऱ्या कॅमेऱ्यात मुलीची आई आहे. अंतरपाट अजून धरलेला असतानाच तिच्याकडं जा. 'सावधान' तिच्या चेहऱ्यावर ऐकू द्या. ती डोळे मिटते, तिथं कापा आणि थेट अक्षतांवर या. फुटेज तेच, आवाज तोच, पण आता हा प्रसंग मुलगी घरातून जाण्याचा झाला. हाच कट बारा फ्रेम उशिरा घेतला तर आई डोळे उघडून कॅमेरामनकडं बघते आणि सगळं मुसळ केरात. सेकंदाला २५ फ्रेम धरल्या तर बारा फ्रेम म्हणजे अर्धा सेकंदसुद्धा नाही.

चित्र बदललं तरी मागचा आवाज चालू ठेवणं म्हणजे एल-कट. पुढचा आवाज आधी आणून मग चित्र बदलणं म्हणजे जे-कट. कामाची पायरी साधारण अशी: रशेस (शूटिंगचं कच्चं फुटेज) जुळवणं, असेंब्ली (सगळे सीन क्रमानं लावणं), रफ कट (पहिला कच्चा कट), फाइन कट (बारीक सुधारलेला कट) आणि पिक्चर लॉक, म्हणजे आता चित्रात बदल नाही. लॉक झालं की साउंड, संगीत आणि कलरवाले आपापलं काम सुरू करतात. लॉकनंतर 'एवढा एकच शॉट बदलूया की' म्हणणारे भेटतातच. त्या एका शॉटपायी तिघांचं काम पुन्हा हलतं.

'अष्टपैलू एडिटर' म्हणजे एडिटिंग, कलर, ग्राफिक्स, ड्रोन, अल्बम असं सगळं करणारा का?

नाही, आणि हा गोंधळ आपल्या भागात फार आहे. एकाच माणसानं पाच माणसांची कामं करणं ही छोट्या गावातल्या धंद्याची गरज असते. पोट भरायला ते ठीक. पण सिनेमात अष्टपैलू कोणाला म्हणतात? एकच काम, एडिटिंगचंच, पण विनोदाला वेगळ्या हातानं आणि शोकांतिकेला वेगळ्या हातानं करू शकणाऱ्याला.

रेणू सलुजांचं काम बघा. 'जाने भी दो यारो'मधला धुमाकूळ त्यांनी कापला, 'परिंदा'मधली हिंसाही त्यांनीच. राष्ट्रीय पुरस्कार 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' अशा चार अगदी वेगळ्या जातीच्या चित्रपटांना मिळाले. ए. श्रीकर प्रसाद चेन्नईत वडिलांच्या हाताखाली शिकले. त्यांच्या राष्ट्रीय पुरस्कारांत हिंदी 'राख' आहे, असमिया 'राग बिराग' आहे, मल्याळम 'वानप्रस्थम' आहे, तमिळ 'कन्नत्तिल मुत्तमिट्टाल' आहे. आपल्या शेजारच्या गोव्यात जन्मलेले वामन भोसले 'इन्कार'साठी राष्ट्रीय पुरस्कार घेऊन गेले. हिंदीतल्या मोठमोठ्या व्यावसायिक चित्रपटांवर त्यांचं नाव आहे. कन्नडचे सुरेश अर्स यांना पुरस्कार मिळाला तो तमिळ 'बॉम्बे'साठी.

ही माणसं भाषा आणि प्रकार बदलू शकली, कारण ती आधी ऐकतात. वॉल्टर मर्च या अमेरिकन एडिटरनं चांगल्या कटाच्या सहा कसोट्या सांगितल्या आणि त्यांना चक्क टक्के दिले. भावनेला ५१, गोष्टीला २३, लयीला १०, आणि बाकीच्या तीन तांत्रिक बाबींना मिळून उरलेले १६. आपल्याकडच्या क्लासमध्ये पहिले सहा महिने त्या १६ टक्क्यांतच जातात.

प्रकार बदलला की कामात नेमकं काय बदलतं?

जाहिरातीत ३० सेकंद म्हणजे ७५० फ्रेम, आणि प्रत्येक फ्रेमचा हिशेब मागायला एजन्सीची चार माणसं मागं बसलेली. मालिकेत वेग महत्त्वाचा. एपिसोड आज रात्री गेलाच पाहिजे. ट्रेलरचा धंदा तर वेगळाच, तिथं गोष्ट सांगायची नसते, तिची ओढ लावायची असते. विनोदात हशा संपेपर्यंत थांबायचं की हशावरच पुढचं वाक्य टाकायचं, हे प्रेक्षकांत बसून कळतं. त्यामुळं विनोदी रफ कट एकट्यानं बघून मत बनवू नका.

माहितीपटाबद्दल जास्त लिहितो, कारण सीमाभागातल्या मुलांना तिथं वाव आहे. माहितीपटाची पटकथा बहुतेक वेळा एडिटिंगच्या टेबलावर लिहिली जाते. निपाणीकडच्या विडी कामगार बाईची मुलाखत आहे असं धरा. ती मराठीत मजुरीचा हिशेब सांगतेय. मधेच घरातून कोणीतरी काही विचारतं, ती मान वळवून कन्नडमध्ये दोन शब्द टाकते, हात मात्र पान वळतच असतो, आणि पुन्हा मराठीत येते, पण आता आवाज खाली आलेला, आणि थोड्या वेळानं ती गप्पच होते. बाहेरचा एडिटर ते कन्नड 'व्यत्यय' म्हणून उडवतो. मग त्याला आवाज अचानक का पडला हे झाकायला वरून हातांचा शॉट टाकावा लागतो. आपल्यातला पोरगा ते दोन शब्द ठेवतो, कारण बाईनं काय ऐकलं आणि का गप्प झाली, हे त्याला कळलेलं असतं. हातांचा शॉट मग पुढं, तिच्या गप्प बसण्यावर जातो. एका मिनिटाचा तुकडा, पण माहितीपट तिथं उभा राहतो.

कन्नड येत नाही. अडेल का?

अडणार नाही, पण तुम्ही पैसे सोडताय. सीमाप्रश्नाचा वाद इथं नको; तो चहाच्या टपरीवर आहेच. धंद्याचं सांगतो. मराठी, कन्नड, हिंदी आणि कामापुरतं इंग्रजी कानाला असलेला एडिटर पुण्यातही कमी आणि बेंगळूरमध्येही कमी. लिहिता आलं नाही तरी चालेल. वाक्य कुठं संपतं, नकार कुठं येतो, कुठला शब्द ओढून म्हटलाय, एवढं कळलं की कट बरोबर जागी पडतो.

आणि एक लक्षात घ्या. आपली बेळगावी मराठी बाहेरच्यांना गमतीची वाटते, पण ती कानाची शाळाच आहे. 'येतो की' म्हणताना तो 'की' जिथं टेकतो तिथं प्रमाण मराठीत सहसा काहीच नसतं. पुण्याचा एडिटर 'येतो'वर कापून मोकळा होतो. लहानपणापासून दोन लयी ऐकलेल्या माणसाला असा कट खटकतो. हे भांडवल तुमच्याकडं आहे आणि तुम्ही विकताय काय, तर 'एका रात्रीत हायलाइट करून देतो'.

मी लग्नाचे व्हिडिओ करतो. इथून सिनेमात जाता येईल?

येईल. लग्नवाल्यांना तीन गोष्टी आयत्या येतात: प्रचंड फुटेज पटकन चाळणं, न सांगता घडलेलं टिपणं आणि तारखेला काम देणं. सोडाव्या लागणाऱ्या सवयीही तीनच. गाण्याच्या ठेक्यावर कापणं, प्रत्येक जोडाला ट्रान्झिशन आणि सगळीकडं स्लो मोशन. एक प्रयोग करा. जुन्या लग्नातली दहा मिनिटं गाणं न लावता, फक्त मांडवातल्या आवाजावर कापून बघा. पहिल्यांदा फार त्रास होतो.

कुठं शिकू?

पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट १९६० साली जुन्या प्रभात स्टुडिओच्या जागेवर सुरू झाली. प्रभात ही फिल्म कंपनी मुळात आपल्या शेजारच्या कोल्हापूरची, १९२९ची, आणि १९३३ साली पुण्याला गेलेली. पुण्याच्या या इन्स्टिट्यूटमध्ये आणि कोलकात्याच्या सत्यजित राय इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंगचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. दोन्हीकडं कुठल्याही शाखेची पदवी आणि प्रवेश परीक्षा लागते. जागा मोजक्याच असतात. नियम आणि शुल्क दरवर्षी त्यांच्या अधिकृत संकेतस्थळावरच बघा, एजंटाकडं नको. पदवी लागतेच, त्यामुळं बारावीनंतर 'पदवी सोडून एडिटिंग' हा हिशेब चुकीचा. बी.ए., बी.कॉम., काहीही करा, पण पूर्ण करा.

'शंभर टक्के प्लेसमेंट' म्हणणाऱ्या खासगी क्लासला एकच प्रश्न विचारा: कच्चं फुटेज किती तासांचं देणार? उत्तर नेटवरून उतरवलेल्या क्लिपांचं आलं तर परत या.

इन्स्टिट्यूटमध्ये नंबर लागला नाही तर?

असिस्टंट व्हा. आजही बहुतेक एडिटर असेच घडतात.

असिस्टंटला पहिल्या दिवशी काय काम मिळतं?

सर्जनशील काहीही नाही. कार्ड कॉपी करणं, दोन डिस्कवर बॅकअप झालाय याची खात्री करणं, क्लॅपच्या ठोक्यावर आवाज आणि चित्र जुळवणं, सीन-शॉट-टेकप्रमाणं बिन्स (सॉफ्टवेअरमधले फोल्डर) लावणं. क्लॅपची पाटी मिटते ती फ्रेम आणि आवाजाच्या वेव्हफॉर्ममधला टोकदार ठोका एकावर एक आणायचा. संध्याकाळपर्यंत तेच.

त्यात डोकं लागतं ते मोबाइलच्या फुटेजला. बहुतेक मोबाइल फ्रेम रेट बदलता ठेवून रेकॉर्ड करतात. वेगळ्या रेकॉर्डरवरचा आवाज सुरुवातीला अचूक बसतो आणि दहाव्या मिनिटाला ओठ एकीकडं, शब्द दुसरीकडं. आधी ठरावीक फ्रेम रेटमध्ये बदलून घ्या, मगच सिंक करा. हे न सांगता करणारा असिस्टंट दुसऱ्या प्रोजेक्टला हमखास बोलावला जातो.

चांगल्या एडिटरच्या शेजारी बसलात तर त्यानं काय ठेवलं यापेक्षा काय टाकून दिलं ते टिपून ठेवा. संध्याकाळी धीर करून 'हा टेक का नाही घेतला सर?' विचारा. बहुतेक जण सांगतात.

कुठलं सॉफ्टवेअर?

मोठ्या सिनेमांच्या खोल्यांत आजही एव्हिड दिसतो, बाकी सगळीकडं प्रीमियर प्रो, आणि दा विंची रिझॉल्व्ह झपाट्यानं वाढतंय. खिशात पैसे नसतील तर रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती घ्या. अल्ट्रा एचडीपर्यंतचं काम त्यात होतं. असिस्टंट व्हायचं असेल तर एव्हिडची तोंडओळख हवीच. चोरलेलं, क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर नको. कायद्याचं राहूच दे, रिलीजच्या आदल्या रात्री ते उघडलं नाही तर कोणाला फोन करणार?

'द इंग्लिश पेशंट' हा डिजिटल पद्धतीनं एडिट होऊन एडिटिंगचं ऑस्कर मिळवणारा पहिला चित्रपट. तो मर्चनं एव्हिडवर कापला. काही वर्षांनी त्यानंच 'कोल्ड माउंटन' फायनल कट प्रो या स्वस्तातल्या सॉफ्टवेअरवर केला, तेव्हा लोकांनी भुवया उंचावल्या होत्या. यंत्र बदललं, माणूस तोच.

लॅपटॉप, डिस्क वगैरे?

१६ जीबी रॅम ही खालची मर्यादा, ३२ असेल तर सुखात. एसएसडी हवीच. मोठं फुटेज थेट न कापता प्रॉक्सी, म्हणजे त्याच्या हलक्या कामापुरत्या प्रती, बनवा. फुल एचडी, २५ फ्रेम, प्रोरेस ४२२ एचक्यू या फाइल प्रकाराचा एक तास सुमारे ८३ जीबी खातो. त्याचीच प्रॉक्सी साधारण १७ जीबी. साधा लॅपटॉप तेवढं ओढतो. बॅकअपचा नियम जुनाच: तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक प्रत दुसऱ्या जागी, म्हणजे मावशीच्या घरी ठेवली तरी चालेल. पावसाळ्यात लाइट जाते तेव्हा चालू कॉपी अर्धवट राहते, म्हणून यूपीएस आधी, दुसरा मॉनिटर नंतर. महागड्या स्पीकरपेक्षा कान झाकणारा, मागून बंद असलेला (क्लोज्ड-बॅक) चांगला हेडफोन घ्या.

बेळगावात राहून जमेल की गाव सोडावं लागेल?

सुरुवातीची काही वर्षं बाहेर जावंच लागेल. एडिटिंगची कामं ओळखीनं मिळतात आणि ओळखी रात्री दोन वाजता एकत्र वडापाव खाताना होतात. मराठी चित्रपटासाठी मुंबई-पुणे, कन्नडसाठी बेंगळूर. कोल्हापूर शंभर-सव्वाशे किलोमीटरवर आहे. मराठी चित्रपट महामंडळाचं मुख्यालय तिथं आहे, चित्रनगरी आहे, पण शूटिंग तिथं झालं तरी एडिट बहुतेक पुण्या-मुंबईला जातं. मुंबईत नियमित काम करायचं असेल तर असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्सच्या सभासदत्वाची चौकशी लवकर करा.

हात बसला, चार माणसं नावानं ओळखायला लागली की परत या. आज प्रॉक्सी इंटरनेटवरून येतात, कट लिंकनं जातो. माहितीपट, कॉर्पोरेट फिल्म आणि यूट्यूबची बरीच कामं टिळकवाडीतल्या खोलीत बसून होतात. मोठ्या चित्रपटाच्या शेवटच्या टप्प्याला मात्र दिग्दर्शकाच्या शेजारीच बसावं लागतं.

आपल्याला एक फायदा आहे जो फार कमी जण घेतात. २००४पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव गोव्यात भरतो. चोर्ला घाट उतरला की पणजी. नोव्हेंबरात सुट्टी टाका आणि दिवसाला चार-चार सिनेमे बघा, तेही भाषा न समजणारे. सबटायटल सोडून फक्त कट बघायची सवय तिथं लागते.

शोरील कसं करू?

शोरील म्हणजे आपल्या कामातल्या निवडक तुकड्यांची छोटी फिल्म. दीड-दोन मिनिटांच्या वर नको. आणि खरं सांगू? एडिटर लोक शोरीलवर फारसे भाळत नाहीत. ठेक्यावर भराभर पडणारे सुंदर शॉट म्हणजे कॅमेरामनचं रील. सोबत दोन पूर्ण सीन जोडा: एक दोन माणसांच्या संवादाचा, एक संवाद नसलेला. शक्य असेल तर तिसरा विनोदी. प्रत्येकाखाली एक ओळ, फुटेजमध्ये अडचण काय होती. 'नायिकेचा दुसरा क्लोज-अप फोकसबाहेर होता' एवढं वाचूनच समोरचा पुढचा सीन लक्ष देऊन बघतो.

पैसे कसे ठरवायचे? टॅक्सचं काय?

रक्कम ठरवण्याआधी तीन गोष्टी मेसेजवर का होईना, लिहून घ्या: किती तासांचं फुटेज, अंतिम लांबी किती, आणि किती वेळा बदल करून द्यायचे. शेवटची गोष्ट न लिहिणारा एडिटर वर्षभर एकाच कामावर बसतो. आगाऊ रक्कम, रफ कटला एक हप्ता, आणि अंतिम फाइल द्यायच्या आधी बाकी. एका निर्मात्यानं माझे शेवटच्या हप्त्याचे पैसे आजतागायत दिलेले नाहीत. तेव्हापासून पूर्ण पैसे येईपर्यंत कटवर मोठा वॉटरमार्क ठेवतो.

व्यावसायिक शुल्कावर सहसा १० टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच घेतला जाणारा कर, कापला जातो. रिटर्न भरलं तर जास्तीचा परत मिळतो. आयकराच्या नियमांत फिल्म एडिटर 'चित्रपट कलाकार' या व्यवसायात मोडतो. त्यामुळं वर्षभरात मिळालेल्या ५० लाखांपर्यंतच्या रकमेवर निम्मी रक्कम उत्पन्न दाखवून मोकळं होण्याची अनुमानित योजना त्याला लागू होते. सीमाभागातल्यांना हमखास पडणारा प्रश्न: कर्नाटकात बसून महाराष्ट्रातल्या निर्मात्याचं काम केलं तर लगेच जीएसटी नोंदणी लागते का? सेवांना राज्याबाहेरच्या कामासाठीही २० लाखांच्या वार्षिक उलाढालीपर्यंत सवलत आहे. बाकी तपशील आपल्या सीएकडून.

मुलींसाठी हे क्षेत्र कसं?

रेणू सलुजांचं नाव वर आलंच. 'कहानी'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या नम्रता राव आहेत, दीपा भाटिया आहेत, आरती बजाज आहेत. काम येतं का हा प्रश्नच नाही. रात्री उशिरा स्टुडिओतून घरी सोडायची गाडी आहे का, हे मात्र रुजू होण्याआधी विचारा आणि संकोच करू नका. ज्याला हा प्रश्न खटकतो त्याच्याकडं तसंही जाऊ नका.

एआय आल्यावर एडिटरचं काय?

मुलाखतीतली शांतता कापणं, आवाजातली घरघर काढणं, मजकूर उतरवणं ही कामं मशीन करतंय, आणि करू दे. पण मराठीत सुरू होऊन कन्नडमध्ये वळणारं वाक्य उतरवताना ते जे काही लिहितं ते वाचून करमणूक होते. आणि मशीनला शांतता दिसली की ती काढायची असते. वर सांगितलेली विडी कामगार बाई गप्प बसली ती जागा पहिल्या झटक्यात उडाली असती.

एडिटरचा पुढं दिग्दर्शक होतो का?

काही जण होतात. हृषीकेश मुखर्जी बिमल रॉयांचे एडिटर होते, राजकुमार हिरानी पुण्याला एडिटिंगच शिकले. पण ती बढती नव्हे. दिग्दर्शन वेगळा धंदा आहे.

दिग्दर्शकाशी पटलं नाही तर?

त्याचा कट आधी करून दाखवा, प्रामाणिकपणे, मुद्दाम वाईट नाही. मग वेगळ्या सिक्वेन्सवर आपला. दोन्ही सलग बघितले की निम्मे वाद तिथंच मिटतात. उरलेल्यांत त्याचं ऐका. सिनेमा त्याचा आहे. एक गोष्ट मात्र कधीच करू नका: त्यानं नापसंत केलेलं व्हर्जन डिलीट. रिलीजच्या आठवड्यात तेच मागतात.

तुमच्याकडं असिस्टंट म्हणून घ्याल का?

जागा असते तेव्हा घेतो. रील पाठवू नका. स्वतः कापलेला एक पाच मिनिटांचा सीन पाठवा आणि सोबत त्या प्रोजेक्टच्या बिन्सचा स्क्रीनशॉट. 'फायनल', 'फायनल टू' आणि 'फायनल एकदम फायनल' अशी नावं दिसली तर आधी ती दुरुस्त करून मग पाठवा.